भिंतीकडे तोंड केलेला दगड

मी एक जुना दगड आहे. मित्रांनो, तुम्हाला दिसते ती माझी पाठ. माझे तोंड भिंतीच्या आत, चुन्यात गच्च बसलेले आहे. वर दगड, खाली दगड, नाकासमोरही दगड! किती वर्षे झाली कोण जाणे. कूस बदलायलाही जागा नाही.

पूर्वी मी असा नव्हतो. रोमन साम्राज्यातल्या तिबारा गावच्या चौकात, हमरस्त्याकडे तोंड करून मी ऐटीत उभा होतो. हिलारुस पाथरवटाने मला खाणीतून आणले, घासून गुळगुळीत केले आणि आमच्या गावच्या कोर्वुसचे नाव माझ्यावर कोरले. कोर्वुस तेव्हा फौजेतला कोवळा अधिकारी होता. एवढ्यात दगड कशाला, असे लोक म्हणत. पण त्याची थोरली बहीण ओविनिया ऐकते कुठे!

"खाली भरपूर जागा सोड रे हिलारुस. आमचा कोर्वुस एवढ्यावर थांबणारा नाही."

"सोडतो की, बाईसाहेब. पण त्याला म्हणावं, दमाने चढ. खालच्या ओळी कोरायला माझे गुडघे वाकत नाहीत."

झालेही तसेच. कोर्वुस अख्ख्या पलटणीचा सेनापती झाला. एक ओळ वाढली. गोठलेली डॅन्यूब नदी ओलांडून त्याने लढाई मारली. आणखी एक ओळ. मग तो रोममध्ये कॉन्सल, म्हणजे मोठ्या मानाचा राज्याधिकारी झाला, मग सीरियाचा सुभेदार. दर वेळी हिलारुस कण्हत गुडघ्यांवर बसे. येणारेजाणारे मला मोठ्याने वाचत. अंजीरवाल्या बायका मला टेकून बसत. खोटे कशाला बोलू, मी फुगलो होतो.

आणि एके दिवशी रोमहून हुकूम आला. कोर्वुसच्या सुभ्यातल्या एका गावाने बंड केले होते. ते माणसांसकट जाळून टाक, असे सम्राटाने त्याला फर्मावले होते. त्याने जाळले नाही. त्याला परत बोलावून राजद्रोही ठरवले आणि ठार मारले. तेवढ्याने भागले नाही. त्याचे नाव जिथे जिथे असेल तिथून खरवडून काढायचे होते. जो ते राखील त्याचीही तीच गत होणार होती.

नगरप्रमुख मेत्तियस चौकात आला. याच मेत्तियसने दर नव्या ओळीला मला हार घातला होता! आता तो माझ्याकडे बघेनाही.

"नाव खरवड आणि हा धोंडा तेलघाण्याच्या नव्या भिंतीत घाल. उद्या संध्याकाळच्या आत," तो हिलारुसला म्हणाला.

दुसऱ्या दिवशी भर दुपारी गाव जेवून झोपले होते. मी घाण्यापाशी आडवा पडलो होतो. ओविनिया आली.

"खरवडलंस?"

"छिन्नी उचलतो नि परत ठेवतो, बाईसाहेब. हातच चालत नाही."

"मग नको चालवूस. खाली अजून जागा आहे ना?"

"आता काय कोरायचं तिथे? वेड लागलंय का तुम्हाला? दोघांचीही मुंडकी उडतील!"

"माझं काय राहिलंय आता? तुझं तू बघ."

हिलारुसने छिन्नी पुन्हा उचलली. मग त्याने बाहीने डोळे पुसले.

"सांगा. पण थोडक्यात सांगा."

संध्याकाळी मेत्तियस आला तेव्हा मी भिंतीत बसलो होतो. तोंड आत, पाठ बाहेर.

"नाव गेलं ना?"

"तोंड आत आहे, साहेब. खात्री करायची तर वरचे चार थर उतरवतो. हुकूम करा."

मेत्तियस थांबला. त्याने माझ्या पाठीवर हलकेच हात ठेवला.

"राहू दे," म्हणाला आणि निघून गेला.

ओविनिया रोज येऊन मला पाठ टेकून बसायची. मग यायची थांबली. हिलारुस गेला, सम्राट गेला, घाणाही बंद पडला. आता माझ्या पाठीत खुंटी ठोकून शेळ्या बांधतात. कोंडलो म्हणूनच वाचलो, हे मला कळते हो! पण जीव घुसमटायचा थोडाच राहतो? ज्यांची भीती होती ते कोणीच उरले नाही, आणि मी इथे आहे हे जाणणारेही कोणी उरले नाही.

मित्रांनो, जुनी भिंत पाडाल तेव्हा दगड फोडण्याआधी एकदा उलटून बघा. माझ्या वरच्या ओळी नाही वाचल्यात तरी चालेल. सगळ्यात खालची मात्र वाचा. ती वाकडी आहे, म्हाताऱ्याने घाईघाईने कोरलेली. आजवर ती कोणीच वाचलेली नाही.

"हुकूम होता, तरी याने गाव जाळले नाही."