चालण्याचा दाखला

लुसियाँने चाळीस वर्षं फ्रान्सला हसवलं ते नुसतं चालून. सिनेमे त्याचे आणि त्यांतला बावळट वेटरही तोच, पाय फेकत, हात वल्ह्यासारखे मारत चालणारा. संवाद लिहिणं त्याला कधी जमलं नाही, आणि त्याची लाजही वाटली नाही.

आता शेवटचा सिनेमा आयर्लंडच्या समुद्रकाठी व्हायचा होता. शूटिंग दोन आठवड्यांवर आलं आणि विमा कंपनीने खुसपट काढलं: नायक धडधाकट आहे, असा डॉक्टरांचा दाखला आणा. तालमीत दोनदा कप पडल्याची चहाडी कुणीतरी केली होती. दोष कपाचा नव्हता, हे लुसियाँलाही ठाऊक होतं. सहा महिने त्याचे पाय जमिनीला चिकटत होते. पण सिनेमा नाही, तर उरलेल्या दिवसांचं करायचं काय? फ्लॅटच्या भिंती बघत बसायचं? त्यापेक्षा डॉक्टरांसमोर वेटरसारखंच चालायचं, म्हणजे दुखणं झाकलं जाईल, असं त्याने ठरवलं.

आयर्लंडमधल्या ब्लँचर्डस्टाउनच्या इस्पितळात त्याला तपासणारी डॉक्टर अक्षया मूळची मिरजेची, बोलायला मऊ, नजरेला कडक. खोली लहान म्हणून तिने त्याला बाहेर पॅसेजमध्ये चालायला सांगितलं. तिथे बाकांवर पेशंट बसले होते. लुसियाँने आपण विनोदी नट असल्याचं त्यांना वाकून सांगितलं आणि पाय फेकत निघाला. लोक सभ्यपणे हसल्यासारखं करून मोबाइलकडे वळले.

“यू आर ग्रँड, लव्ह,” एक आजीबाई लहान मुलाची समजूत काढावी तशा म्हणाल्या. त्याला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

“आता तुमच्यासारखं चाला,” अक्षया म्हणाली.

“हे माझंच आहे.”

“नाही हो, ते वेटरचं. काल मी तुमचे दोन सिनेमे बघितले. दूध आणायला जाता ना, तसं चाला.”

“सही करा, डॉक्टर. सहाच आठवड्यांत शूटिंग संपेल! मग हवं ते औषध द्या.” त्याने चक्क हात जोडले.

तिने पॅसेजकडे बोट दाखवलं. नाइलाजाने तो निघाला. पहिलं पाऊल उचलेचना. मग एकदम बारीक बारीक पावलं सुटली, अंग पुढे आणि पाय त्याच्यामागे धावताहेत, आवरता आवरेनात. शेवटी पाण्याच्या मशीनला मिठी मारून तो थांबला.

बाकांवर हशा पिकला. लोकांना वाटलं, हा दुसरा प्रयोग. आजीबाईंच्या डोळ्यांतून हसून हसून पाणी आलं. अक्षयाने मान खाली घातली. तिला आता बघवत नव्हतं.

दाखला गेला, हे लुसियाँला कळलं. पण गेल्या पंधरा वर्षांत इतकं खरं हसू त्याच्या वाट्याला आलं नव्हतं.

“डॉक्टर,” तो हळूच म्हणाला, “परत एकदा चालू?”