बसून करायचं काम

त्या कारखान्यात पूर्वी तान्ह्या बाळांचे डायपर निघत. आता चारपैकी तीन मशिनींवर म्हाताऱ्यांचेच निघायचे, आणि त्या चालवणाऱ्या बायकाही साठीला टेकलेल्या. पॅकिंगची मुकादम तर साठी ओलांडून गेलेली. सगळे तिला मावशी म्हणत. निवृत्तीचं वय सरकारने दोनदा पुढे ढकललं होतं. तिचे गुडघे मात्र जुन्याच वयाला निवृत्त झाले होते.

त्या दिवशी मालकांनी सगळ्यांना जेवणाच्या हॉलमध्ये बोलावलं. शेजारी सरकारी पाहुणे. मालक अगदी गहिवरून म्हणाले, "पाळणे रिकामे पडलेत. तरुण पोरींनी आता मनावर घ्यावं. उद्या कामाला माणसं आणायची कुठून?"

मावशीला सून आठवली. तिकडे तिचे आईवडील अंथरुणाला खिळलेले, इकडे सासऱ्यांना उठवायचं-बसवायचं, वर नोकरी. "मूल कुठल्या हातांनी घेऊ, आई?" असं ती एकदा म्हणाली होती. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. मावशीनेही वाजवल्या, तोंडदेखल्या.

मशिनीपाशी परतते तो पॅकिंगमधली सर्वांत धाकटी पोरगी खोक्यांच्या आड रडत उभी. तिला पाचवा महिना लागला होता.

"सोमवारपासून येऊ नको म्हणाले ऑफिसातून. फार वेळ उभं राहवत नाही ना मला."

"मालकांना माहीत आहे?"

"त्यांनीच सांगितलंय म्हणे."

मावशीच्या तळपायाची आग मस्तकात गेली. ती तशीच मालकांच्या केबिनमध्ये शिरली. पाहुण्यांचा चहा चालला होता.

"मालक, पोरींनी मनावर घ्यावं म्हणालात. एकीने घेतलंय. तिलाच घालवताय?"

मालक कसनुसं हसले. "मावशी, आपण नंतर बोलू."

"आत्ताच बोलू. तिला तपासणीचं, बसून करायचं काम द्या. आणि बाळंतपणाची रजा भरपगारी."

"हा धंदा आहे, धर्मशाळा नाही. तुम्हाला या वयात ठेवून घेतलंय, ते विसरू नका."

"ठेवून घेतलंय? दुसरं कुणी मिळेना म्हणून विनवण्या करून ठेवलंत!"

तिने एप्रन काढून टेबलावर टाकला आणि गेटची वाट धरली. मागे पावलं वाजली. कुणी कंबरेवर हात ठेवून, कुणी कठड्याला धरत, पॅकिंगच्या साऱ्या बायका निघाल्या होत्या.

मालकांनी दोन दिवस माणसांसाठी सगळं शहर पालथं घातलं. मिळाले दोघे, तेही सत्तरीचे. शेवटी ते स्वतः गेटवर, ठाण मांडून बसलेल्या बायकांपाशी आले.

"देतो तिला बसायचं काम. रजेचं अर्ध्या पगारावर मिटवू."

"पुऱ्या."

मालकांनी मान डोलावली.

दुसऱ्या दिवशी पोरगी तपासणीच्या टेबलाशी बसली. "मावशी, तुमच्यामुळे झालं हे," ती म्हणाली.

"माझ्यामुळे कसलं गं!" मावशी कडाडली. "माणसांचा तुटवडा पडला म्हणून ऐकलं त्यांनी. ढिगाने मिळत असती, तर आज तू नि मी दोघी रस्त्यावर असतो."

तिचा राग उतरलाच नव्हता.