एप्रनची गोष्ट

कोंबड्या कापायच्या कारखान्यात मी बावीस वर्षं काढली. नोकरी सुटली तेव्हा घरी सांगितलं होतं, "मुकादमाच्या तोंडावर एप्रन फेकून आले!" थँक्सगिव्हिंगच्या सणाच्या जेवणात सगळे पोट धरून हसले होते.

आज राज्याच्या बेकारी कार्यालयाचा फोन तीन तासांनी लागला. बटणं मला जमत नाहीत, म्हणून सून क्रिस्टलने फोन स्पीकरवर टाकून टेबलावर ठेवला होता.

"मिसेस कोम्ब्स, नोकरी तुम्ही सोडलीत की त्यांनी काढलं?" तिकडच्या बाईने विचारलं. "रागाने सोडली असेल तर भत्ता मिळणार नाही."

भत्ता नाही, तर हिवाळ्यात घर गरम ठेवायला गॅस नाही.

"तू जरा बाहेर जा," मी क्रिस्टलला म्हटलं.

"आणि फोन कट झाला तर? परत तीन तास तुम्ही बसणार?"

"मिसेस कोम्ब्स, ऐकताय ना?"

"ऐकतेय. बहिरी नाहीये मी." मी फोनकडे वाकले. "त्यांनीच काढलं. नवीन मशीन आलं. एप्रन मी घडी घालून परत दिला."

पलीकडे टाइप केल्याचा आवाज आला. "ठीक आहे, अर्ज पुढे पाठवते."

क्रिस्टलने माझ्यापुढे कॉफी ठेवली. "आई, घरच्यांसाठी एप्रन फेकलेलाच राहू द्या."

"साखर कमी आहे," मी म्हटलं.