मेणाखालचा गरुड

मित्रांनो, मी नाशपतीच्या लाकडात कोरलेला एक म्हातारा साचा आहे. नेमकं वय विचारू नका, पण मी सात-आठ पिढ्यांचे हात पाहिले आहेत. माझ्या पुढच्या अंगावर घोडागाडी कोरलेली आहे आणि मागचं अंग म्हणजे दिसायला साधी फळी. गेल्या महिन्यात कुवेतमधल्या अम्गरा या कारखान्यांच्या भागातल्या एका सुतारखान्यात ही साधी फळी रंध्याच्या तोंडी गेली, त्याची ही गोष्ट.

माझा जन्म पोलंड देशातल्या तोरुन गावचा. एका बेकरीवाल्याने मला कोरलं. मध, आलं, लवंग, दालचिनी घातलेलं घट्ट पीठ माझ्यात दाबून बसवायचं, मला उपडं करून ठोकायचं, की ताटात घोडागाडी उभी! लवंग-दालचिनी तुमच्याच बाजूने बोटीतून यायची, म्हणजे आपली ओळख तशी जुनीच. नाताळात माझ्याशिवाय त्या दुकानाचं पान हलत नसे, आणि मला त्याचा ताठाही होता.

पण माझा खरा अभिमान मागच्या अंगावर होता. तिथे पंख पसरलेला गरुड कोरलेला होता. तो त्यांच्या देशाचं चिन्ह, आणि तेव्हा देशच उरला नव्हता. तिघा शेजारी राजांनी तो भाकरीसारखा मोडून खाल्ला होता आणि तोरुन प्रशियाच्या वाट्याला गेलं होतं. पुढे पुढे तर शाळेत पोलिश बोलायचीही चोरी झाली. झडतीच्या भीतीने घरातल्या सुनेने भुसा कालवलेलं मेण त्या गरुडावर ओतलं, घासून सपाट केलं, वरून काजळी फासली. मुलीला तिने बजावलं, "ही बाजू आगीजवळ न्यायची नाही." मुलीने ते तिच्या मुलीला सांगितलं. देश पुन्हा स्वतंत्र झाला तेव्हा मेण काढायचं ठरलंही. पण दर वर्षी "पुढच्या नाताळात बघू" होत राहिलं आणि तेवढ्यात दुसरं महायुद्ध आलं.

त्या घरातली हेलेना लग्न होऊन पूर्वेकडच्या ल्वूफ शहरात गेली होती, मला घेऊन. एका हिवाळ्यात रशियन सैनिकांनी तिला, तिच्या लेकराला आणि पिठाच्या पिशवीत खुपसलेल्या मला आगगाडीत कोंबून सैबेरियात नेलं. तिथे माझ्यात दाबायला पीठ कुठलं! पुढे सुटका झाली, इराण लागलं, मग इथल्याच आखातातून बोटीने कराची आणि शेवटी कोल्हापूरजवळचं वळिवडे. तिथे हजारो पोलिश बायका-मुलांची छावणी होती. कोल्हापूरच्या माणसांनी त्यांना जीव लावला, हे मी डोळ्यांनी पाहिलं आहे.

छावणीत दूध घालायला तानूबाई यायची. नाताळच्या आदल्या संध्याकाळी पोलिश घरात एक ताट जास्त मांडतात, अवचित येणाऱ्या पाहुण्यासाठी. त्या वर्षी चरवी घेऊन दारात आली ती तानूबाई. हेलेनाने तिला हाताला धरून त्या ताटावर बसवलं. तिथून दोघींचं मेतकूट जमलं. छावणी उठली, हेलेना इंग्लंडला निघाली, तेव्हा तिने मला तानूबाईच्या हातात दिलं आणि मोडक्या मराठीत सांगितलं, "मागे आग नको. कधी नको."

तानूबाईला वाटलं, हे यांचं सोवळं असणार. तिने ते मनोभावे पाळलं. पुढच्या अंगात खोबऱ्याच्या वड्या थापायच्या आणि मागचं अंग भिंतीकडे. दसऱ्याला मला हळदकुंकू लागायचं, तेही पुढूनच. एवढी श्रद्धा, एवढी काळजी, पण मागे काय आहे हे कुणी बघितलं नाही. सोवळ्याला कोण कशाला प्रश्न विचारतो?

तानूबाई गेली. तिचा मुलगा राजाभाऊ साखर कारखान्यातून निवृत्त झाला आणि मला कपड्यांत गुंडाळून मुलाकडे कुवेतला आला. मुलगा निखिल तेलकंपनीत इंजिनिअर. बायको शर्मिला आणि लेक मुक्ता यांच्यासह महबूलामध्ये राहतो. राजाभाऊंनी मला स्वयंपाकघरात टांगलं, पाठ भिंतीला, शेगडीपासून लांब.

गेल्या महिन्यात राजाभाऊंची पंचाहत्तरी होती. निखिलने गुपचूप बेत केला की वर्षानुवर्षांनी खडबडीत झालेली माझी पाठ रंधा मारून सपाट करायची, पितळी पट्टीवर आजीचं नाव घालायचं आणि मला हॉलमध्ये दिमाखात लावायचं. मित्रांनो, त्याचा हेतू सोन्यासारखा होता. म्हणून तर मला जास्त भीती वाटली. चोरापासून वाचवायला लोक धावतात, प्रेमाने निघालेल्याला कोण अडवणार?

ऐन जुलैची दुपार. आम्ही अम्गराला पोचलो तर दुपारच्या सुट्टीमुळे सुतारखान्याचं शटर खाली. निखिल समोरच्या हॉटेलात जेवायला गेला आणि मला गाडीत मागच्या काचेखाली ठेवून गेला. पाठ वर, उन्हाकडे.

कुवेतच्या उन्हात बंद गाडी म्हणजे भट्टीच. जे तोरुनच्या बेकरीने केलं नाही, कोल्हापूरच्या चुलीने केलं नाही, ते त्या काचेने केलं. माझ्या पाठीवरचं मेण मऊ पडलं, पाझरलं, कडेने ओघळायला लागलं. पहिल्यांदा मला आनंद झाला. वाटलं, आता निखिल बघेल! मग त्याने मला उचललं, चिकट हात रुमालाला पुसले आणि नाक मुरडलं. त्याला तो नुसता मळ वाटला.

सुतारखान्याचे मालक बदरुद्दीन रत्नागिरीचे. त्यांनी माझ्यावर बोट फिरवलं. "साहेब, कायतरी चिकट येतंय याला. डिंक हाय का?"

"जुनं तेल असेल हो. वर्षानुवर्षं वड्या थापल्यात. रंध्याने सगळं साफ करून टाका."

"मग काय, पाच मिन्टात खलास."

मशीन सुरू झालं. पातं इतक्या जोरात फिरत होतं की ते दिसतही नव्हतं, नुसता आवाज. मला पालथं घालून पुढे सरकवलं. एक झटका बसला आणि माझ्या कडेची पापडी उडाली. गरुडाच्या डाव्या पंखाचं टोक तिच्याबरोबर गेलं. मला ओरडता येत नाही. आलं असतं तर तो आवाज महबूलापर्यंत गेला असता.

बदरुद्दीननी मला दुसऱ्या फेरीसाठी मागे घेतलं, तेवढ्यात निखिलचा फोन वाजला.

"निखिल, साचा कुठाय रं?" राजाभाऊंचा आवाज चढला होता. "भिंतीवर नाही."

"बाबा, मी साइटवर आहे. नंतर बोलतो."

"साइटवर रंधा कशाला चालतोय? सुताराकडं हाईस तू. साच्याला हात लावू नको."

"तुमच्यासाठीच करतोय, बाबा. मागची बाजूच फक्त. तिथे काही नाही, साधी फळी आहे."

"आईनं सांगितलंय, त्या बाजूला काही करायचं नाही."

"पण का?"

बदरुद्दीननी मला पुन्हा पात्यासमोर धरलं होतं. बोटभर अंतर राहिलं असेल.

"का ते मला माहीत नाही," राजाभाऊ म्हणाले, आणि त्यांचा आवाज फुटला. "मी कधी विचारलंच नाही. पण तू थांब, पोरा."

निखिल इंजिनिअर माणूस. कारण सांगितल्याशिवाय तो लिफ्टचं बटणसुद्धा दाबत नाही. त्या दिवशी मात्र बापाचा फुटलेला आवाज ऐकला आणि त्याने हात वर केला. "बदरुद्दीनभाई, बंद करा. बंद करा!"

पातं थांबलं. निखिलने मला ओढून घेतलं, फडक्याने ते मेण पुसायला लागला, आणि पुसता पुसता त्याचं बोट एका खाचेत गेलं. मग दुसऱ्या. मग पिसांची अख्खी रांग. त्याने बाबांना परत फोन लावला.

संध्याकाळी मी राजाभाऊंच्या मांडीवर होतो. ते कुणावर रागावले नाहीत. तुटल्या पंखावरून नुसता अंगठा फिरवत राहिले. शर्मिलाने खोबऱ्याचा गोळा माझ्या पाठीत दाबला, मला ताटात ठोकलं, आणि मेणाखाली गेल्यापासून पहिल्यांदा तो गरुड बाहेर आला. पांढराशुभ्र, एका पंखाने थोटा.

मुक्ता ताटावर वाकली. "आजोबा, हा तुमच्या आईला कुणी दिला?"

"एक मडम होती गं छावणीत. लई जीव होता दोघींचा."

"व्हॉट वॉज हर नेम?"

राजाभाऊंनी मला पुढून-मागून उलटसुलट करून पाहिलं. मग ते म्हणाले, "आईला माहीत होतं."

हेलेना! मी आतल्या आत किंचाळत होतो. हेलेना! पण साच्यात जे दाबाल तेच बाहेर येतं, आणि नाव कुणी माझ्यात कोरलं नव्हतं.

मित्रांनो, लाकडाला तेल लावा, वाळवीपासून जपा, ते सगळं कराच. पण तुमच्याही घरात एखादी गोष्ट "अशीच करायची असते" म्हणून चालत आली असेल. ती कुणी सांगितली, का सांगितली, त्या माणसाचं नाव काय, हे आज जेवताना विचारा. ज्याला माहीत आहे तो अजून तुमच्या शेजारच्या पाटावर बसलेला आहे.