आठवड्याचा चार्ट

सासरे-सुनेचा शेअरचा धंदा जेवणाच्या टेबलावर चालायचा आणि त्याला एकच कायदा होता. आधी सासऱ्यांनी आठवड्याचा चार्ट, म्हणजे भावाची वर्षभराची आठवड्यागणिक चाल, बघून वारा कुठे वाहतोय ते सांगायचं; मग सुनेने दिवसाच्या चार्टवर खरेदीची जागा शोधायची आणि तासाच्या चार्टवर वेळ साधायची. सासरे नाही म्हणाले की विषय संपला. निवृत्त हेडमास्तर ते, त्यांच्यापुढे कोण बोलणार?

पण लागोपाठ तीन सौदे आपटले. "आता एकच," सासरे म्हणाले. "हाही बुडाला तर गाशा गुंडाळायचा." घरकामाच्या रगाड्यात सुनेचं स्वतःचं असं हे एवढंच होतं.

तिने सिमेंटच्या एका कंपनीचा शेअर हेरून ठेवला होता. सासऱ्यांनी स्क्रीनला नाक लावून पाहिलं. "उतार लागलाय. नको."

ती चक्रावली. कायदा मोडून तिने आदल्या दिवशी आठवड्याचा चार्ट गुपचूप पाहिला होता, तो चांगला चढता होता. तिने वाकून बघितलं, तर कोपऱ्यात 'एक तास' लिहिलेलं, म्हणजे स्क्रीनवर तासाचा चार्ट होता. सकाळी तिनेच तो तसा सोडला होता. चार दिवसांची घसरण बघून सासरे वर्षाचा कौल देत होते. मागचे सौदेही असेच झाले असणार.

तिला राग यायला हवा होता, पण आला नाही. "बाबा, कोपऱ्यातलं अक्षर दिसतं का तुम्हाला?"

त्यांनी चष्मा पुसला. पुन्हा पुसला. "नाही गं. बरेच दिवस झाले. म्हटलं, सांगितलं तर मला विचारणार कोण?"

हेडमास्तरांचा आवाज एवढासा झालेला तिने कधी ऐकला नव्हता.

"मी विचारणार," ती म्हणाली. आठवड्याचा चार्ट लावून तिने वाचायला सुरुवात केली: कुठून चढला, कुठे अडला, कुठे उतरून पुन्हा उठला. ते डोळे मिटून ऐकत होते.

"उतरला तेव्हा मागच्या तळाच्या वरच थांबला ना?"

"वरच."

"मग तो नुसता दम खातोय. पडलाच तर कुठे विकून तोटा तोडशील?"

तिने दिवसाच्या चार्टवरची जागा सांगितली. त्यांनी मान डोलावली. "घे."

तिने उभ्यानेच माऊसकडे हात नेला, तर ते उठले आणि खुर्ची तिच्याकडे सरकवली.

"बसून घे. हा बुडाला तर पुढचा शोधू. उद्या मात्र मला डोळ्यांच्या डॉक्टरकडे ने."