एकशेआठ छिद्रांची चकती

मशीनवरून उतरलेल्या तयार भागावर, म्हणजे जॉबवर, बोटाचा ठसा दिसला तर मी तो परत पाठवतो, आणि ज्याचं बोट त्याला चार शब्द सुनावतो. अंबडच्या आमच्या कारखान्यात पोरं मला माघारी 'सासूबाई' म्हणतात. म्हणू देत. तपासणीवर बसलेला माणूस सगळ्यांचा लाडका असेल तर तो काम करत नाही, असं माझं मत आहे. म्हणजे, होतं.

गेल्या वर्षी आम्ही एका कंपनीच्या रॉकेट इंजिनासाठी एक चकती बनवली. तळहाताएवढी, तिला बारीक एकशेआठ छिद्रं. त्यांतून इंधन आत फवारलं जातं. एक छिद्र तुंबलं तरी जाळ वाकडा होतो आणि इंजिनाची भिंत जळते. म्हणून आम्ही चकतीतून पाणी सोडून एकेक धार बघायचो. पुढे दक्षिणेत त्या कंपनीच्या तळावर अख्खं इंजिन लोखंडी सांगाड्याला जखडून पेटवायचे. जे बिघडायचं ते उडण्याआधी जमिनीवरच बिघडावं, एवढ्यासाठी हा सगळा खटाटोप.

दसऱ्याच्या सकाळी एकशेआठही धारा सरळ पडल्या. चकती वाळवून टेबलावर ठेवली, पिशवीत घालायची राहिली होती. तेवढ्यात पूजा सुरू झाली. मशीनना हार, धारा सोडायच्या पंपाला हार. एकशेआठ हा आकडाच असा, की माझा हात आपोआप ताटाकडे गेला आणि चिमूटभर अक्षता मी चकतीवर वाहिल्या. मी, सासूबाईंनी! भानावर येऊन फुंकर मारली, चकती उलटी करून झटकली आणि पिशवी बंद केली.

नियम माझाच होता: चकतीला काहीही लागलं की पुन्हा धुवायची, पुन्हा पाणी सोडायचं. पण पूजा झालेला पंप आमच्याकडे दुसऱ्या दिवसापर्यंत कोणी चालू करत नाही, आणि चकती न्यायला आलेली गाडी दारात उभी होती. तपासणीच्या कागदावर मी सही केली.

दिवाळी झाल्यावर तिकडून कळलं, की चौथ्याच सेकंदाला इंजिन बंद करावं लागलं. भिंतीला रुपयाएवढा काळा डाग पडला होता. एका छिद्रामागे जळून कोळसा झालेला कण सापडला. त्यांनी लिहिलं, बहुधा पुसायच्या फडक्याचा धागा. मला वाचताक्षणीच कळलं. तो धागा नव्हता, तांदळाची कणी होती.

फडकं म्हणजे भागीबाई. हरसूलकडच्या, सात वर्षं आमच्याकडे जॉब धुणाऱ्या. आमच्या मालकीण निकितामॅडम यांनी त्यांना चौकशी होईपर्यंत घरी बसायला सांगितलं. भागीबाईंनी डबा उचलला, माझ्याकडे एकदा पाहिलं आणि निघाल्या. मी रजिस्टर चाळत बसलो. निवृत्तीला दीड वर्ष राहिलंय, आता कशाला नाव घालवा, असला भेकड विचार करत होतो. स्वतःची इतकी लाज मला कधी वाटली नव्हती.

नवव्या दिवशी मॅडमनी अहवाल पुढे ठेवला. दोषाचं कारण: धुणाऱ्या कामगाराचा निष्काळजीपणा. खाली माझी सही झाली की भागीबाईंची नोकरी गेली. उद्या करतो म्हणालो, आणि दुसऱ्या दिवशी अहवाल खिशात घालून हरसूलची एसटी धरली.

भागीबाई खळ्यावर भात झोडत होत्या. मला बघून त्यांनी पाणी आणून दिलं. मी उभ्यानेच सगळं सांगून टाकलं: अक्षता, फुंकर, पंप, सही. त्या ऐकत राहिल्या. नवल वाटल्यासारखं काही दिसलं नाही.

"मला ठावं हाय, भाऊ," त्या म्हणाल्या. "टेबलाखालच्या अक्षता मीच झाडल्या."

"मग मॅडमना का नाही सांगितलंत?"

"मला वाटलं, तुमीच सांगाल. बोटाच्या ठशाला सोडत नाय तुमी कुनाला."

त्यांच्या बोलण्यात राग नव्हता, टोमणाही नव्हता. तेच मला सोसेना. नऊ दिवस ही बाई माझ्या भरवशावर गप्प बसली होती.

खळ्याच्या कडेला बसून मी अहवाल उघडला. 'धुणाऱ्या कामगाराचा' यावर काट मारली, वर स्वतःचं नाव लिहिलं, खाली सही केली आणि फोटो मॅडमना पाठवला. दोन मिनिटांत फोन वाजायला लागला. मी नुसता त्याच्याकडे बघत बसलो.

"घ्या की," भागीबाई म्हणाल्या आणि पुढची पेंढी उचलली.