भिंतीतली खिडकी

युद्धात देश सोडला तेव्हा मी सहा वर्षांचा होतो. स्वयंपाकघराच्या खिडकीतून आम्ही पळालो, असं मी लिहिलं आणि त्याच पुस्तकानं माझं नाव झालं. "तिथं खिडकी नव्हतीच," म्हणत ताईनं चाळीस वर्षं माझं डोकं खाल्लं. शेवटी तिला घेऊन त्या घरी गेलो.

खिडकी होती! "बघ, डोळे फाडून बघ!" मी ओरडलो.

घरमालकीण ओशाळली. "तुमचे वाचक येऊन विचारायचे. गेल्या वर्षी भिंत फोडून बसवून घेतली."

ताई जिंकल्यासारखी बाहेर डोकावली आणि तिनं मला हाताला धरून खिडकीशी ओढलं. शेजाऱ्याच्या उंच कुंपणाआड, मी पुस्तकात त्या खिडकीबाहेर दाखवलेलं वाकड्या बुंध्याचं म्हातारं पेरूचं झाड उभं होतं.

"भिंतीतून हे तुला दिसलं कसं रे?"

ते ठाऊक असतं, तर पुस्तक कशाला लिहिलं असतं!